लाल रंगाचा मालक कोण?

सस्पीरिया हा इटालियन हॉरर पिक्चर बघितलेल्या कुणालाही स्टोरी विचारा, दोन वाक्यात संपते. अमेरिकन मुलगी जर्मनीत बॅले शिकायला येते, शाळा चेटकिणींची निघते, झालं. पण पिक्चर दिसायला कसा आहे विचारलंत तर तोच माणूस अर्धा तास बोलेल, एअरपोर्टचा सरकता दरवाजा, धो धो पाऊस, टॅक्सीत बसलेल्या जेसिका हार्परच्या चेहऱ्यावरून सरकत जाणारा लाल निळा हिरवा उजेड, आणि मग त्या शाळेचे रक्तासारखे लाल कॉरिडॉर. 1977 चा पिक्चर आहे, जवळपास पन्नास वर्षं झाली, अजून लोक थेटरात जाऊन बघतात आणि दर चार-पाच वर्षांनी कुणीतरी नवीन डिस्क काढून विकतं. आणि विकतात काय, तर तो लाल रंगच विकतात ना? स्टोरीसाठी कोण घेतंय.

तो रंग पडद्यावर आणणारा माणूस म्हणजे कॅमेरामन लुचानो तोवोली. आणि इटलीच्या कायद्याप्रमाणे तो त्या पिक्चरचा लेखकही नाही, सहलेखकही नाही, कुणीच नाही. 1941 चा कॉपीराइट कायदा आहे त्यांचा, 633 नंबरचा, त्याच्या 44 व्या कलमात सिनेमाचे कर्ते म्हणून चौघं मोजलेत: मूळ कथा लिहिणारा, पटकथा लिहिणारा, संगीतकार आणि दिग्दर्शक. कॅमेरामन नाही. म्हणजे गॉब्लिन बँडने त्या पिक्चरला जी धून दिली त्यावर त्यांचा हक्क कायदा मान्य करतो (आणि करायलाच पाहिजे, भन्नाट आहे ती) पण ज्याने फ्रेमन् फ्रेम उजळवली त्याचं नाव फक्त टायटल्समध्ये. मला हे चुकीचं वाटतं, नुसतं अन्याय म्हणून नाही तर त्यामुळे पिक्चर प्रत्यक्षात खराब होतात म्हणून. कॅमेरामनला कायद्याने सहलेखक माना, आणि जुना पिक्चर रिस्टोअर करून बाहेर काढताना त्याची सही कम्पल्सरी करा, तो नसेल तर त्याने मागे ठेवलेल्या पुराव्याची. एवढंच म्हणणं आहे माझं. पण त्यासाठी तोवोलीचं करिअर जरा नीट बघावं लागेल, कारण "हॉररवाला कॅमेरामन" एवढ्यावर त्याची बोळवण करतात लोक आणि गंमत म्हणजे तो मुळात हॉररवाला नव्हताच.

जन्म 1936, तोस्कानातल्या मासा मारित्तिमा गावचा. रोमच्या चेंत्रो स्पेरिमेंतालेमध्ये शिकला, ती इटलीची सरकारी फिल्म स्कूल, आपल्या पुण्याच्या एफटीआयआयसारखी समजा. सुरुवातीला दिग्दर्शक विट्टोरिओ दे सेताबरोबर कामं केली, खरी माणसं, खरा उजेड, लाइट लावायचे तरी दिसू द्यायचे नाहीत अशी ती शाळा. नंतर मोठा आर्ट-फिल्मवाला दिग्दर्शक आंतोनिओनी याने त्याला चीनला नेलं, तिथे 1972 ची चुंग कुओ ही लांबलचक डॉक्युमेंटरी शूट केली, जी बघून माओच्या सरकारचं डोकं फिरलं आणि 1974 मध्ये त्यांच्या पेपरांतून आंतोनिओनीविरुद्ध मोहीम चालली. मग 1975 चा द पॅसेंजर, जॅक निकल्सनचा, त्याचा शेवटाकडचा तो सुमारे सात मिनिटांचा अखंड शॉट, कॅमेरा हॉटेलच्या खोलीतून हळूहळू पुढे सरकतो, खिडकीच्या गजांमधून बाहेर चौकात जातो आणि वळून परत त्याच खिडकीत बघतो. छतावर रूळ लावून कॅमेरा पुढे आणला, गज बाजूला होतील असे केले, बाहेर क्रेनने कॅमेरा उचलला, कित्येक दिवस चाललं होतं ते. फिल्म स्कूलमध्ये आजही दाखवतात हा शॉट.

तर असला माणूस, पूर्ण वास्तववादी घराण्यातला, आंतोनिओनीवाला, त्याला सस्पीरियाचा दिग्दर्शक दारिओ आर्जेंतो येऊन म्हणतो की चेटकिणींचा पिक्चर कर. तोवोली लगेच तयार झाला नाही. नंतर टेस्ट घेतल्या आणि तिथून गाडी पुढे गेली.

आता त्याने जे केलं ते सांगतो, कारण इथेच माझं खरं म्हणणं अडकलंय. रंगीत उजेड पाडायचा तर सगळे लाइटसमोर जिलेटिन, म्हणजे रंगीत पारदर्शक पत्रे, लावतात. तोवोलीने मोठमोठ्या चौकटींवर रंगीत मखमल आणि टिशूसारखी कापडं ताणून बसवली, मागून जबरदस्त ताकदीचे कार्बन आर्कचे दिवे मारले, आणि त्या चौकटी नटांच्या चेहऱ्याच्या अगदी जवळ आणल्या, कॅमेऱ्याच्या फ्रेमच्या जस्ट बाहेर. त्यामुळे रंग वरून सांडल्यासारखा नाही दिसत, चामडीत भिनल्यासारखा दिसतो. मूळ रंग घेतले, लाल हिरवा निळा, मधल्या छटा जवळपास टाळल्याच.

आणि त्याचा दुसरा अर्धा भाग लॅबमध्ये. खूप जण छातीठोकपणे सांगतात की सस्पीरिया जुन्या तीन पट्ट्यांच्या टेक्निकलर कॅमेऱ्यावर शूट झाला. नाही झाला. साध्या कोडॅकच्या निगेटिव्हवर शूट झाला. टेक्निकलर होतं ते प्रिंट काढण्यात. त्या पद्धतीत निगेटिव्हपासून तीन वेगळे साचे बनवतात, एकेका साच्याला एकेक शाई पाजतात, पिवळी, निळसर, किरमिजी, आणि कोऱ्या फिल्मवर एकावर एक छापतात, जुनी देवादिकांची कॅलेंडरं एकेक रंग चढवत छापायचे तसं. हॉलिवूडमध्ये हे तंत्र 1970 च्या दशकाच्या मध्यावर बंद पडलं होतं, रोमच्या लॅबमध्ये अजून मशीन चालू होतं. तिथे एर्नेस्तो नोवेल्ली म्हणून एक जबरदस्त माणूस होता, पुढे प्रसिद्ध कॅमेरामन विट्टोरिओ स्टोरारोसाठी इएनआर नावाची लॅब प्रोसेस काढली तोच. त्याच्याबरोबर बसून तोवोलीने ते साचे बनवतानाच रंगांचा कॉन्ट्रास्ट चढवला.

म्हणजे काय झालं बघा. पडद्यावर जो लाल दिसला तो निगेटिव्हमध्ये पूर्ण नाहीच आहे. अर्धा चौकटीवरच्या कापडात होता जे कधीच फेकलं गेलं, आणि अर्धा लॅबच्या मशीनमध्ये होता जे मोडीत निघालं. उद्या कुणी प्रामाणिकपणे मूळ निगेटिव्ह स्कॅन केली, आणि "आम्ही थेट ओरिजिनल निगेटिव्हवरून केलंय" असं अभिमानाने बॉक्सवर छापलं, तरी त्याच्या हातात येईल ते अर्धवट. उरलेलं कुठे आहे? एक तर त्या काळात छापलेल्या एखाद्या टेक्निकलर प्रिंटमध्ये, तिचे रंग उडत नाहीत हे नशीब, त्या काळातल्या साध्या प्रिंट आज गुलाबी पडलेल्या असतात. आणि दुसरं, ज्याने केलं त्याच्या डोक्यात.

आणि झालं नेमकं हेच. मधल्या काळात निघालेल्या काही डिस्कवर कॉन्ट्रास्ट एवढा चढवलेला की चेहरे पांढरेफटक जळालेले. मग 2017 च्या आसपास दोन वेगवेगळी 4के रिस्टोरेशन्स आली, एक जर्मनीत झालेलं, एक अमेरिकेतल्या कंपनीचं ज्याचं कलर तोवोलीने स्वतः ऐंशीच्या घरात असताना बघून पास केलं. एकच निगेटिव्ह. दोन्ही शेजारी लावून बघा, एकसारखी दिसत नाहीत. मग खरा सस्पीरिया कुठला? कायदा म्हणतो ज्याच्याकडे हक्क आहेत त्याने काढलेला कुठलाही. हे उत्तर कुणाला पटतं?

इथे लगेच पहिला आक्षेप येतो आणि तो फालतू नाही. की बाबा कल्पना तर आर्जेंतोची होती. डिस्नेच्या 1937 च्या स्नो व्हाइटसारखे रंग पाहिजेत हे त्याचं म्हणणं. सगळी पात्रं लहान मुली असाव्यात असा त्याचा मूळ विचार होता, ते जमलं नाही म्हणून दरवाज्यांच्या मुठी मुद्दाम डोक्याच्या उंचीवर लावल्या म्हणजे मोठ्या मुली लहान वाटतील, हेही त्याचंच. भिंती सेट डिझाइन करणाऱ्या जुझेप्पे बास्सानच्या. आणि इटालियन हॉररमधला रंगीत उजेड तर त्याआधी बारा-तेरा वर्षं मारिओ बावा करून बसला होता, 1964 मध्ये ब्लड अँड ब्लॅक लेसमध्ये, तो स्वतः कॅमेरामनचा दिग्दर्शक झालेला, बापापासून ट्रिक फोटोग्राफी घरात. आणि अजून एक, सस्पीरियानंतर आर्जेंतोने 1980 मध्ये इन्फर्नो काढला, त्यात तोवोली नाही, रोमानो अल्बानी आहे, आणि लाल निळा उजेड त्यातही आहे. मग तोवोलीचं काय राहिलं?

हे सगळं मान्य. पण यातून एवढंच ठरतं की तोवोली एकटा मालक नाही. ते कोण म्हणतंय? सह शब्द त्याचसाठी आहे. पटकथा लिहिणाऱ्याला सहलेखक मानताना आपण असं विचारत नाही की कल्पना पहिल्यांदा कुणाच्या डोक्यात आली. दारिया निकोलोदी आणि आर्जेंतोने मिळून सस्पीरिया लिहिला, तिने आपल्या आजीच्या गोष्टीवरून सुचलं असं सांगितलं, म्हणून काय आजी लेखक होत नाही. ज्याने ते कागदावर उतरवलं तो लेखक. मग ज्याने फिल्मवर उतरवलं तो का नाही? आणि इन्फर्नो नीट बघा, सुंदर आहे, पण रंग वेगळा आहे, मऊ आहे, गुलाबी-निळा जास्त. दिग्दर्शक तोच, हात वेगळा.

उलटा पुरावा पाहिजे असेल तर तेनेब्रे बघा, 1982. तोच आर्जेंतो, तोच तोवोली, आणि दोघांनी मिळून सगळं उलटं केलं. सावल्याच काढून टाकल्या. रोमच्या आधुनिक वस्तीत, पांढऱ्या भिंती, झगझगीत कोरडा उजेड, रात्री पण सगळं लख्ख दिसतंय आणि तरी माणसं मरतायत. त्यात लूमा नावाच्या, दुरून चालवायच्या कॅमेरा-क्रेनवरचा एक शॉट आहे, जवळपास अडीच मिनिटं, कॅमेरा घराच्या एका बाजूच्या खिडकीपासून भिंत चढतो, कौलांवरून सरपटतो, दुसऱ्या बाजूला उतरतो. स्टोरीला काडीचा उपयोग नाही त्याचा, वितरक म्हणत होते कापा. द पॅसेंजरचा गजांतून जाणारा शॉट आणि हा, दोन टोकांचे पिक्चर, एक आर्ट म्हणून पूजला जातो, एक व्हिडिओ लायब्ररीतला खुनाखुनीचा, आणि दोन्हीकडे कॅमेरा भिंत नावाची गोष्ट मानतच नाही. मग ही सही कुणाची म्हणायची?

(आंधळी भक्ती नको म्हणून हेही सांगतो की 2012 चा आर्जेंतोचा ड्रॅक्युला थ्रीडी पण तोवोलीनेच शूट केलाय. बघू नका. चांगला कॅमेरामन असला म्हणजे पिक्चर तरतोच असं अजिबात नाही.)

दुसरा आक्षेप प्रॅक्टिकल आहे. इतक्या जणांच्या सह्या लागल्या तर पिक्चर बाहेर कसा यायचा, आणि म्हातारपणी कॅमेरामनचं डोकं फिरलं तर? तर हे होतंच. स्टोरारो, तीन ऑस्करवाला, त्याने नंतर ठरवलं की सगळ्या सिनेमांची चौकट दोनास एक असावी, आणि अपोकलिप्स नाऊच्या डीव्हीडीवर चक्क मूळ रुंद फ्रेमच्या बाजू कापून टाकल्या. स्वतःचीच फ्रेम! लोक वर्षानुवर्षं शिव्या घालत होते. म्हणजे एकट्या कॅमेरामनच्या हातात दिलं तरी धोका आहे.

पण एकट्या दिग्दर्शकाच्या हातात दिलं तर काय होतं तेही बघून घ्या. विल्यम फ्रीडकिनने 2009 मध्ये फ्रेंच कनेक्शनची ब्लू-रे काढताना रंग फिके करून वरून परत रंगाचा थर दिला, असा काहीतरी प्रयोग, पिक्चर वेगळाच दिसायला लागला. कॅमेरामन ओवेन रॉइझमन जिवंत होता, त्याला विचारलं सुद्धा नाही, आणि त्याने जाहीरपणे सांगितलं की हे भयंकर आहे, माझा याच्याशी संबंध नाही. पुढे 2012 मध्ये नवीन डिस्क निघाली तेव्हा जाऊन मूळ रूप परत आलं. तीन वर्षं बाजारात चुकीचा पिक्चर विकला गेला आणि ज्याने तो शूट केला त्याच्या हातात बोंबलण्यापलीकडे काही नव्हतं, कारण हक्कच नाही. तो नावाजलेला माणूस होता म्हणून ऐकलं तरी. एखादा कमी बजेटच्या पोलिसपटाचा किंवा झॉम्बीपटाचा इटालियन कॅमेरामन बोंबलला असता तर कुणी ऐकलं असतं?

म्हणून म्हणतो हा प्रश्न "जॉनर" सिनेमात, म्हणजे हॉरर, पोलिसपट असल्या ठरावीक प्रकारच्या पिक्चरमध्ये, जास्त टोकाचा आहे. आर्ट फिल्मला फेस्टिवल असतं, फाउंडेशन असतं, प्राध्यापक असतात. असल्या पिक्चरला निर्माता असतो जो दिवाळखोरीत निघतो, मग हक्क याच्याकडून त्याच्याकडे, निगेटिव्ह कुठल्यातरी गोदामात, प्रत्येक देशात वेगळी कापाकापी, वेगळं नाव. तेनेब्रे अमेरिकेत अनसेन नावाने कापून दाखवला होता, ओळखू येणार नाही असा. आणि याच पिक्चरचं आयुष्य सगळ्यात लांब निघालं, व्हीएचएस, डीव्हीडी, ब्लू-रे, 4के, स्ट्रीमिंग, दर फॉरमॅटला परत विक्री. प्रत्येक विक्रीत माल म्हणजे दिसणं, आणि दिसण्याचा कर्ता हिशोबात नाही.

पैशाचं पण बोलू, लाजायचं काय त्यात. जर्मनीत दास बोटचा कॅमेरामन यॉस्ट वकानो, पाणबुडीच्या त्या बोळकंडीतून कॅमेरा हातात धरून पळाला, मानधन मिळालं एकरकमी, सुमारे दोन लाख मार्क. पिक्चर जगभर चालला, अजून चालतोय. जर्मन कायद्यात अशी सोय आहे की मोबदला आणि नंतरची कमाई यात भलतीच तफावत असेल तर कर्ता जास्तीचे पैसे मागू शकतो. तो कोर्टात गेला आणि 2011 मध्ये तिथल्या सर्वोच्च दिवाणी कोर्टाने मान्य केलं की कमाईचा हिशोब मागायचा त्याला हक्क आहे. पुढे वर्षानुवर्षं चाललं ते भांडण. पण मुद्दा असा की कॅमेरामन सहलेखक असू शकतो हे गृहीत धरूनच ती केस उभी राहिली. इटलीत तोवोलीला ही पायरीच नाही.

आणि तोवोली गप्प बसलेला माणूस नाही बरं का. 1992 मध्ये रोममध्ये युरोपातल्या कॅमेरामनच्या संघटना एकत्र येऊन इमागो नावाचा महासंघ झाला, त्याच्या उभारणीत तोवोली पुढे होता, आणि लेखकत्वाचा हक्क ही त्यांची पहिल्यापासूनची मागणी. तरी 1993 मध्ये युरोपने कॉपीराइटच्या मुदतीचा नियम एकसारखा केला तेव्हा मुदत कुणाच्या मरणापासून मोजायची त्या यादीत दिग्दर्शक आला, पटकथाकार, संवादलेखक, संगीतकार आले, कॅमेरामन नाही आला. आणि कुणी म्हणत असेल की त्याला घेतलं तर धंदा बुडेल, त्याने पोलंड बघावं. तिथल्या कायद्यात सहलेखकांच्या यादीत कॅमेरामनचं नाव सरळ लिहिलेलं आहे. बुडाला का पोलिश सिनेमा? उलट कॅमेरामनसाठी जगातलं सगळ्यात मोठं फेस्टिवल, कॅमेरिमाज, तिथेच भरतं, तोरुनला.

आता आपल्याकडे. आपला 1957 चा कायदा तर इटलीच्याही पुढे आहे, म्हणजे मागे, सिनेमाचा लेखक म्हणजे निर्माता. दिग्दर्शक पण नाही! 2012 मध्ये दुरुस्ती झाली, गीतकार-संगीतकारांना रॉयल्टीचा हक्क मिळाला, जावेद अख्तर वगैरे भांडले त्याचं फळ, पण मूळ व्याख्या तशीच राहिली. त्याचा परिणाम ऑगस्ट 2025 मध्ये दिसला, रांझणाची तमिळ आवृत्ती एआयने शेवट बदलून परत थेटरात लावली, मेलेला हिरो जिवंत केला, दिग्दर्शक आनंद राय आणि धनुष दोघं ओरडत राहिले. एआयने नवीन फ्रेम बनवल्या, म्हणजे कॅमेरामनचा उजेड पण मशीनने परत रचला, त्याबद्दल तर चर्चा सुद्धा फार झाली नाही. मुघल-ए-आझम 2004 मध्ये रंगीत करून आणला तेव्हाही आपण टाळ्या वाजवल्या (दिग्दर्शक के. आसिफना रंगीतच पाहिजे होता हे खरं), पण त्याचे कॅमेरामन आर. डी. माथुर यांनी काळ्या-पांढऱ्यासाठी जी लाइटिंग केली होती तिचं काय हा प्रश्न किती जणांनी विचारला. व्ही. के. मूर्तींना 2008 सालचा फाळके पुरस्कार दिला, पहिलेच कॅमेरामन तो मिळवणारे, हार-तुरे झाले. कायद्यात त्यांचं स्थान शून्यच होतं, आहे. आणि रामसे बंधूंच्या हॉरर पिक्चरचा धुरातला रंगीत उजेड, तो कॅमेरा गंगू रामसे सांभाळायचे, त्या पिक्चरवर आपण नुसते हसलो.

पुण्यात फिल्म अर्काइव्हकडे सुमारे 2,200 पिक्चर रिस्टोअर करायचं काम सरकारने 2022 मध्ये जाहीर केलं. चांगलंच आहे. माझं म्हणणं, कायदा बदलेल तेव्हा बदलेल, एवढं तरी आत्ताच करा: ज्या पिक्चरचे कॅमेरामन हयात आहेत त्यांना ग्रेडिंगला, म्हणजे रंग ठरवायच्या कामाला, बोलवा, येणं-जाणं द्या, दिवसाचं मानधन द्या, आणि त्यांनी काय बदलायला सांगितलं ते लिहून ठेवा. हयात नसतील तर त्यांचे असिस्टंट शोधा, त्या काळातली बरी प्रिंट शोधा, आणि पिक्चरच्या सुरुवातीला स्पष्ट पाटी टाका की रंग कशाच्या आधाराने ठरवलाय. दिग्दर्शक आणि कॅमेरामनचं पटलंच नाही तर दोन ग्रेड करा आणि दोन्ही ठेवा. हार्डडिस्कची जागा लागेल थोडी जास्त.